सौ. कु.

मेथ्या संपल्या म्हणून त्यांचा डबा घासायला पडला आणि तो पुसता पुसता मावशींनी माझ्यासमोर धरला. "ताई, ह्यो तुमचा न्हाई." मावशी नातवाबरोबर अक्षरं शिकतायत, त्यामुळे हल्ली दिसेल ते वाचतात. बसची पाटी, दुधाची पिशवी, माझ्या कपाटाला आतून चिकटवलेली डाएटची यादीसुद्धा. मी डबा उजेडात धरला. काठाखाली ठिपक्याठिपक्यांनी घातलेलं नाव, 'सौ. कु'. पुढची अक्षरं घासणीनं खाल्लेली. "सौ. बी आन् कु. बी?" मावशींना हसू आवरेना.

मलाही आलं. पण तीसेक वर्षं ज्या डब्यातून फोडणीला मेथ्या घेतेय तो दुसऱ्याचा आहे, हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं. आणि ही गोष्ट माझ्या बाबतीत तर फारच लाजिरवाणी.

कारण भांड्यांवरची नावं वाचणं ही माझी जुनी खोड आहे. कुणाकडे गेलं आणि पाणी आलं, की आधी तांब्या वाचायचा, मग प्यायचा. ताटाचा काठ वाचायचा. वाटी तोंडाला लावताना डोळे तिच्या बुडाशी. एकदा एका अतिशय सोज्ज्वळ घरी आमटीच्या ओगराळ्यावर एका मंगल कार्यालयाचं नाव निघालं. मी ते वाचलं, यजमानांनी मला वाचताना पाहिलं आणि मग आम्ही दोघांनीही पावसाचा विषय काढला.

आईचं लग्न १९७३ च्या मे महिन्यातलं. दुष्काळाचं साल. जेवणावळ आटोपशीर, पण स्टीलची हौस नवी होती, त्यामुळे अहेरात भांडी बक्कळ आली. त्यात तांबे नऊ. प्यायला पाणी नाही आणि तांबे नऊ, हे बाबा पुढे चाळीस वर्षं सांगत होते. प्रत्येकावर 'चि. सौ. कां.'पासून तारखेपर्यंत सगळा मजकूर. मामानं दिलेल्या परातीवर मात्र कारागिराची जागा चुकली. कडेला येता येता त्यानं 'सप्रेम'मधला म सोडून दिला आणि 'सप्रे भेट' असं झालं. आमच्यात सप्रे कुणी नाहीत. पण मामा तेव्हापासून सप्रे. "सप्रे आले का?" "सप्रेंना चहा दे." मामीसुद्धा म्हणायची.

नाव घालायला आईबरोबर तुळशीबागेत जायचं हा लहानपणी सिनेमाइतकाच आनंद होता. दुकानाच्या पायरीशी तो माणूस बसलेला असायचा. मजकूर चिठ्ठीवर लिहून द्यायचा, तो भांडं गुडघ्यांत धरायचा आणि पेनासारखं मशीन टेकवलं की घर्रर्र. दात शिवशिवायचे. अजून दातांच्या डॉक्टरकडे तो आवाज आला की मला तुळशीबागच आठवते. त्या माणसानं शहरातल्या सगळ्यांची लग्नं, मुंजी, वास्तुशांती घातल्या असतील. 'कै.'सुद्धा. तेराव्याला वाटायच्या वाट्यांवर 'यांचे स्मरणार्थ' घालताना तो मशीन जरा हळू चालवतो, असं मला तेव्हा वाटायचं. चालवत नसेल.

आजीच्या भांड्यांवर आजोबांचं नाव. ज्या पातेल्याला आजोबांनी जन्मात हात लावला नाही त्यावर त्यांची आद्याक्षरं आणि ते रोज घासणाऱ्या आजीचा पत्ता नाही. हे मी कॉलेजात असताना तावातावानं बोलून दाखवलं होतं. आजी म्हणाली, "अगं, त्या नावानंच घंगाळ परत आलं." हे म्हणजे पानशेतचं. १२ जुलै १९६१ ला धरण फुटलं, नदीकाठच्या पेठांमध्ये पाणी शिरलं, आणि उतरलं तेव्हा मागे उरला तो गाळ. त्या गाळातून लोक भांडी उपसत होते आणि धुऊन नावं वाचत होते. कुठली कळशी कुठल्या वाड्यात, कुणाची परात कुणाच्या जिन्यात. आमचं घंगाळ दोन गल्ल्या पलीकडून एक अनोळखी गृहस्थ स्वतः उचलून घेऊन आले. त्यांच्या घरात चूल पेटायची होती अजून. आणि आमच्या अंगणात एक पितळी गंज सापडला, त्यावरच्या नावाचं माणूस काही मिळालं नाही. आजीनं चौकशी केली, मग कुणी म्हणालं गोखलेनगरला पूरग्रस्तांना जागा दिल्यात तिकडे गेले असतील, तिकडेही निरोप धाडला. शेवटी तो गंज मांडणीवर वरच्या फळीवर गेला. दर दिवाळीला चिंचेनं लख्ख व्हायचा. आजीनं त्यात कधी काही शिजवलं नाही. "त्यांची बाई येईल, तिला डागाळलेला कसा द्यायचा?"

तेव्हा डब्याकडे येते.

मावशी गेल्यावर मला 'कु'च्या पुढचं आठवलं. वाड्यात समोरच्या खोलीतल्या काकू. वाडा म्हणजे सामाईक नळ, आणि नळ म्हणजे भांडण. आईचं आणि काकूंचं पहाटे पाच वाजता बादलीवरून जुंपलं, तेव्हा काकूंनी दिवाळीत चकल्या भरून पाठवलेला हा डबा आमच्याकडे होता. आता आली पंचाईत. रिकामा डबा परत द्यायचा नसतो, निदान चिमूटभर साखर तरी घालायची. रिकामा द्यावा तर भांडण पक्कं. भरून द्यावा तर माघार. डबा तिथेच राहिला. संक्रांत गेली, शिमगा गेला. आम्ही मुलं मात्र दोन्हीकडे जेवत होतो, आमच्याशी कुणी भांडलं नव्हतं. काकू मला थालीपीठ वाढता वाढता विचारायच्या, "आईचा खोकला थांबला का गं? मी विचारलं म्हणून सांगू नकोस." मी घरी येऊन ते शब्दशः सांगायचे, 'सांगू नकोस'सकट. आई काही बोलायची नाही. पण खोकला थांबल्यावर दोन दिवसांनी ती जिन्यात उभी राहून, समोरच्या खोलीला ऐकू जाईल इतक्या आवाजात, मला म्हणाली होती, "आता बरं वाटतंय हो मला."

मग बोलणं सुरू झालं, कधी ते आठवत नाही. डबा तेवढा राहूनच गेला. १९९२ साली वाडा बिल्डरला गेला, काकू कोथरूडला, आम्ही सिंहगड रस्त्याला. गेल्या वर्षी एका मुंजीत दोघी दीड तास शेजारी शेजारी बसल्या होत्या. गुडघे, सुना, नळाचं पाणी सगळं झालं. डब्याचं नाव कुणी काढलं नाही.

हल्ली कुणाकडून काही आलं तर ते प्लॅस्टिकच्या डब्यात येतं आणि वर फोन येतो, "डबा परत द्यायचा नाही हं, टाकून दे." सोयीचं आहे, मी पण तसंच देते. लेकीला बंगळुरूला घर मांडताना मी ताटवाट्या घेऊन दिल्या आणि म्हटलं, नाव घालू या का? तर म्हणाली, "कोण चोरणारे?" यावर मला उत्तर सुचलं नाही. अजून सुचलेलं नाही. मी आपली तिच्या ताटाचे कोरे काठ बघत जेवते, आणि वाचायला काही नसल्यामुळे जरा जास्तच जेवते.

संध्याकाळी आईला डबा दाखवला. तिनं चष्मा लावला, डबा फिरवला, मग झाकण काढून पालथं केलं. आतल्या बाजूला आमचं आडनाव. स्पष्ट.

"डबा तिचा. झाकण आपलं."

"म्हणजे?"

"जोडी होती ती. बोहारणीकडून घेतली माझ्या जरीच्या साडीवर आणि तिच्या दोन पातळांवर. एक तिला, एक मला. नावंही एकाच दिवशी घातली. तिच्याकडे आपला डबा आहे, तिचं झाकण लावून."

"कधी बदलली झाकणं?"

"काय माहीत. रोज तर इकडून तिकडे जायचे डबे."

मी झाकण लावून बघितलं. नेहमीसारखंच करकचून बसलं. ते उघडताना माझी नखं कितीदा तुटलीत. मेथ्या भरल्या, डबा फळीवर ठेवला.

"आपल्या डब्यात काय असेल गं तिच्याकडे?"

आई टीव्हीकडे वळली होती. "ओवा," ती म्हणाली. "तिच्याकडे ओवा फार लागतो."