रेल्वे 'दिली' म्हणजे नक्की काय केलं?

इंग्रजांचा विषय निघाला की कुणीतरी म्हणतंच, काही म्हणा, रेल्वे तर दिली ना त्यांनी. आमच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर परवा परत तेच सुरू झालं, तिथे वाद घालून उपयोग नसतो म्हणून इथे लिहितोय.

दिली म्हणजे फुकट दिली का? 1849 च्या करारात मुंबईकडची रेल्वे बांधणाऱ्या जीआयपी (ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे) या कंपनीच्या भागधारकांना 5 टक्के व्याजाची हमी होती, धंदा होवो न होवो, आणि कमी पडेल ते हिंदुस्थानच्या महसुलातून भरायचं, म्हणजे शेवटी शेतसारा भरणाऱ्याच्याच खिशातून. वर जमीनही फुकट. असा बिनजोखमीचा धंदा मलाही जमेल की!

आता बोरघाट घ्या. कर्जतला मागून ढकलणारी बँकर इंजिनं लागतात, गाडीला बारीकसा झटका बसतो, कुणाच्या तरी हातातला चहा हिंदकळतो आणि चढ सुरू, तोही जिथे जास्त तीव्र आहे तिथे 37 फुटांना 1 फूट. घाटातल्या या रेल्वेमार्गाचं काम 1856 ते 1863 चाललं, माणसं दोरांना लटकून कड्यात सुरुंगाची भोकं पाडायची. कॉलरा, ताप, दरडी, अपघात... मेलेल्यांचा अंदाज काही इतिहासकार 25 हजारांच्या घरात देतात. वर पोटकंत्राटदार मजुरी थकवायचे, त्यावरून 1859 मध्ये मजुरांनी दंगा केला. त्याच वर्षी नवा कंत्राटदार ट्रेडवेल आला आणि थोड्याच दिवसांत वारला, मग कंत्राट त्याच्या बायकोने, ॲलिसने सांभाळलं. ॲलिसचं नाव तरी राहिलं, मजुरांची कुणी लिहून ठेवली?

पण नुसत्या शिव्या घालूनही भागत नाही. ज्यांना गावच्या विहिरीवर पाणी मिळत नव्हतं त्यांनाही तिकीट काढून गाडीत बसता यायला लागलं, ही गोष्ट पेशवाईचे गोडवे गाणाऱ्यांनी विसरू नये. जोतीराव फुल्यांना इंग्रजी राज्याचा हा फायदा दिसत होता, आणि तरी 1882 मध्ये शिक्षणाची चौकशी करणाऱ्या सरकारी हंटर कमिशनला त्यांनी सुनावलंच, की सारा येतो रयतेच्या घामातून आणि शिक्षणाचा खर्च होतो वरच्यांवर. मला हा माणूस म्हणूनच आवडतो, दोन्ही गोष्टी एकदम बोलायची हिंमत होती.

आणि हो, 1900 मध्ये सरकारने ही जीआयपी रेल्वे विकत घेतली, पैसा अर्थात परत आपलाच, आणि चालवायला दिली कुणाला? त्याच कंपनीला, ती पण 1925 पर्यंत.