साहेब, ऐपत नाही

पैशाचा दावा जिंकून कोर्टाचा हुकूमनामा हातात पडला की लोक पेढे वाटतात. सातारा जिल्ह्यातल्या एका तालुका कोर्टात मी बेलिफ, म्हणजे कोर्टाचे हुकूम बजावणारा कर्मचारी होतो, ते पेढे मीही खाल्लेत. वर्षा-दोन वर्षांनी तीच मंडळी नाझरच्या, म्हणजे वसुलीचं काम बघणाऱ्या कोर्टातल्या अधिकाऱ्याच्या, टेबलापाशी तोंड पाडून उभी दिसायची. दावा जिंकला म्हणजे पैसे मिळाले असं नसतं. वसुलीसाठी वेगळी दरखास्त लावायची, आणि तिथे समोरच्याचं ठरलेलं वाक्य : साहेब, ऐपत नाही.

जप्तीला निघालं की पैसेवाला, म्हणजे ज्याचे पैसे येणे आहेत तो, सोबत असायचाच आणि त्याचं बोट घरभर फिरायचं. एका शिंप्याच्या घरी शेठजींनी आधी शिलाई मशीनच दाखवलं.

"हे उचला."

"शेठ, त्याला हात लावता येत नाही."

दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ६० आम्हाला तोंडपाठ. कारागिराची अवजारं, अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण, शेतकऱ्याची औतं, बैल, बियाणं, हे सगळं सोडायचं. मंगळसूत्राचं तर नावही काढायचं नाही. टीव्ही चालतो. पंचनाम्यात टीव्ही लिहिला, पंचांच्या सह्या झाल्या. शिंप्याने आतून रिमोट आणून दिला आणि त्यातले सेल काढून घेऊ का, असं विचारलं. काढ म्हटलं.

शेठजी भडकले. "मग आत टाका त्याला!"

तेही तसं सोपं नाही. पैशाच्या हुकूमनाम्यात बाईला तर अटकच होत नाही. पुरुषालाही आधी सहसा नोटीस जाते, मग चौकशी होते. १९८० साली जॉली जॉर्ज व्हर्गिस विरुद्ध बँक ऑफ कोचीन या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या न्या. कृष्णा अय्यर यांनी स्पष्ट केलं की नुसती गरिबी हे तुरुंगाचं कारण होऊ शकत नाही. ऐपत असून दडवतो आहे, मुद्दाम टाळतो आहे, हे दाखवावं लागतं आणि ते दाखवायचं पैसेवाल्यानेच. शिवाय कैदेतल्या जेवणाखाण्याचा भत्ताही त्यानेच कोर्टात भरायचा. हे ऐकल्यावर अर्ध्या लोकांचा राग तिथेच उतरायचा. जास्तीत जास्त ३ महिने कैद, आणि बाहेर आल्यावरही कर्ज आहे तिथेच!

तरीही वकील मंडळी अटकेचं वॉरंटच मागायची, कारण घाबरून कोणीतरी चार पैसे आणून देतं. पण घाबरायचा कोण? शिंपी. दुसऱ्या एका दरखास्तीत बंगलेवाले गृहस्थ होते. बंगला बायकोच्या नावावर, गाडी मेव्हण्याच्या. सूर्यास्तानंतर बेलिफाला राहत्या घरात शिरता येत नाही, हे त्यांना माझ्याइतकंच पक्कं ठाऊक. दिवेलागण झाल्याशिवाय ते घरी फिरकायचेच नाहीत. मी फाटकाशी, कुत्रा आत.

अशा माणसासाठी कायद्यात चांगली सोय आहे, पण ती फार कमी वापरली जाते, याचं मला कायम नवल वाटत आलंय. आदेश २१, नियम ४१. आपल्या सगळ्या मालमत्तेची यादी प्रतिज्ञापत्रावर दे, असा हुकूम कोर्टाकडून घ्यायचा. तो मोडला तर त्यासाठीच ३ महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते. खऱ्या गरिबाला याची भीती नाही, त्याची यादी चार ओळींत संपते.

बंगलेवाल्यांच्या दरखास्तीत एका तरुण वकीलबाईंनी वॉरंटचा नाद सोडून हाच अर्ज दिला. गृहस्थांनी प्रतिज्ञापत्रात लिहिलं : एक बचत खातं, एक जुनी मोटरसायकल. पुढच्या तारखेला बाईंनी शेजारच्या तालुक्यातल्या एका बिनशेती प्लॉटचा उतारा काढून आणला. त्यावर यांचंच नाव. खोटं प्रतिज्ञापत्र म्हणजे काय, ते न्यायाधीशांनी त्यांना शांतपणे समजावलं आणि पुढची तारीख दिली. त्या तारखेच्या आधीच साहेब डिमांड ड्राफ्ट घेऊन नाझरकडे हजर, व्याजासकट. पावती मात्र दोनदा तपासून घेतली.