संध्याकाळी उघडा राहिलेला वर्ग

सोलापूरच्या पूर्व भागातल्या आमच्या एका खोलीत सहा माणसं राहायची. वडील यंत्रमागावर, बारा तासांची पाळी. रात्रपाळी करून ते दिवसा झोपलेले असत, त्यामुळं घरात मोठ्यानं पाढे म्हणायची सोय नव्हती. आई विड्या वळायची. रात्री भिजवलेली तेंदूची पानं ओल्या फडक्यात बांधलेली असत. सकाळी पत्र्याचा साचा ठेवून ती कात्रीनं पानं कापायची, मग सूप मांडीवर घेऊन बसायची. चिमूटभर तंबाखू, एक वळसा, दोऱ्याचा वेढा. बोलता बोलता हात चालायचे, नजर खाली जायचीही नाही. तोंडं मुडपायचं काम आम्हा भावंडांकडं. पंचवीस-पंचवीसचे कट्टे बांधून माल कारखान्यात जायचा. तिथं छाट निघाली, म्हणजे विड्या नापास झाल्या, की तेवढी मेहनत वाया. विडीनं आमच्यासारखी किती घरं जगवली. पण आईच्या खोकल्याचा हिशेब कुणीच ठेवला नाही, याचा राग मला आजही येतो.

अशा घरात दहावीचा अभ्यास करायचा कुठं? त्यात पाणी यायची वेळ ठरलेली नाही. नळ आला की पुस्तक मिटून घागरी घेऊन पळायचं.

गणिताच्या बाईंनी एकदा माझी वही तपासायला घेतली, तर पानापानांत तंबाखूची भुकटी. त्या काही बोलल्या नाहीत. पुढच्या आठवड्यापासून शाळा सुटल्यावरही आमचा वर्ग उघडा राहू लागला. शिपाईमामा रात्री नऊपर्यंत किल्ल्या घेऊन थांबायचे. विडी कामगारांच्या मुलांना कल्याण निधीतून शिष्यवृत्ती मिळते, हेही बाईंनीच सांगितलं. आयांची ओळखपत्रं मागवून मधल्या सुट्टीत त्या स्वतः आमचे अर्ज भरायच्या.

पुढं कामगार नेते नरसय्या आडम मास्तरांच्या लढ्यातून सोलापूरजवळच्या कुंभारीला गोदूताई परुळेकर वसाहत उभी राहिली. 2006 साली तिथं विडी कामगार बायकांना 10,000 घरं मिळाली. त्यातलं एक आईचं, तिच्या स्वतःच्या नावावर.

पण शहरातल्या बोळांमध्ये एका खोलीत अभ्यास करणारी मुलं आजही आहेत. म्हणून आमच्या शाळेच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त माजी विद्यार्थ्यांना माझी विनंती आहे: कमानीवर आणि सत्कारांवर होणाऱ्या खर्चातला काही भाग बाजूला काढून शाळेत कायमची संध्याकाळची अभ्यासिका सुरू करूया. दिवे, पंखे, पिण्याचं पाणी आणि थांबणाऱ्या माणसाला रीतसर पगार, एवढंच लागेल. शनिवारी गणित शिकवायला मी येईन.