गेम टाकलाय, पण दिसत नाही

“काका, गेम टाकलाय, पण दिसतच नाही.” लॅमिंग्टन रोडच्या काउंटरवर पोराने जुना पीएसपी, म्हणजे सोनीचा हातात धरून खेळायचा गेम कन्सोल, ठेवला.

त्यातलं मेमरी कार्ड लॅपटॉपला लावलं. आयएसओ (डिस्कवरच्या गेमची एका फाइलमधली प्रत) ठेवायचं त्याच नावाचं फोल्डर होतं, पण पीएसपी फोल्डरच्या पोटात! ते बाहेर हवं, कार्ड उघडताच दिसेल असं. पीएसपी फोल्डरच्या आत, ‘गेम’ फोल्डरमध्ये जातात त्या ईबूट फाइल्स, म्हणजे पीएसपी थेट चालवतो ते प्रोग्राम. आणि आयएसओला कस्टम फर्मवेअर, म्हणजे सोनीचं नसलेलं, बदललेलं सिस्टिम सॉफ्टवेअर, लागतंच.

६४ जीबीचं मायक्रोएसडी अ‍ॅडॉप्टरमधून लावताय? आधी ते फॅट३२ प्रकारात फॉरमॅट करा. ही कार्डं एक्सफॅट या दुसऱ्या फॉरमॅटमध्ये येतात, पीएसपीला ती वाचता येत नाहीत.

फोल्डर बाहेर काढलं आणि मेनूत गेमचं चित्र उमटलं. काच ओरखड्यांनी भरलेली, तरी काय सुंदर दिसतं!

तुमचा पीएसपी कपाटात पडून असेल तर मागचं झाकण उघडून बघा. बॅटरी फुगली नाही ना?