कळदेवाला चावी कोण देते?

गेली दोन वर्षे मी एका काल्पनिक अरण्याची कथा लिहीत आहे. त्या अरण्याचे राखणदार देव लाकूड, पितळ आणि पोलाद यांचे घडलेले आहेत आणि तिथली माणसे त्यांना ‘कळदेव’ म्हणतात. हे नाव सुचले तेव्हा मला फार आनंद झाला, कारण यंत्राची कळ, पोटात उठणारी कळ आणि एखादी गोष्ट कळणे हे तिन्ही अर्थ मराठीने त्या एवढ्याशा अक्षरांत आधीच भरून ठेवले होते. अडचण एकच होती. माणूस पोहोचत नाही अशा रानात कळदेवाला चावी देते कोण?

‘मंत्राने चालतो’ हे उत्तर मला नको होते. माझे वडील ठाण्यात वागळे इस्टेटमधल्या एका कारखान्यात फिटर होते. एका रविवारी त्यांनी जुन्या वर्तमानपत्रावर गजराचे घड्याळ उघडले, तेव्हा पाहिलेली निळसर स्प्रिंगची गुंडाळी आणि दातेरी चाकाचा एकेक दात मोजून सोडणारा तो इवलासा आकडा मी अजून विसरलेलो नाही. भोजराजाच्या ‘समराङ्गणसूत्रधार’ या अकराव्या शतकातल्या ग्रंथात, ३१व्या अध्यायात, नाचणाऱ्या बाहुल्या आणि यांत्रिक द्वारपाल आहेत. परंतु यंत्रांची जोडणी आपण अज्ञानामुळे नव्हे, तर गुप्ततेसाठी सांगितलेली नाही, असे तिथेच म्हटले आहे. राजाला ते शोभते. कथाकाराने मात्र जोडणी दाखवावी, असे मला मनापासून वाटते.

मला ती सापडली न्यूझीलंडच्या ओटॅगो विद्यापीठातल्या बेव्हर्ली घड्याळात. १८६४ पासून त्याला कोणी हाताने चावी दिलेली नाही. हवाबंद पेटीतली हवा तापमानाबरोबर फुगते, आकसते आणि त्या हालचालीने घड्याळाचे वजन वर उचलले जाते. तापमानात पुरेसा चढउतार झाला नाही, तर घड्याळ थांबते. माझ्या कळदेवाच्या छातीत आता अशीच एक पेटी आहे आणि दिवस-रात्रीतला फरक हाच त्याचा नैवेद्य आहे.

त्यानंतर एप्रिलमध्ये ठाण्यालगतच्या येऊरच्या जंगलात गेलो, तेव्हा कथेची पुढची गाठ आपोआप सुटली. दाट झाडीत दुपार फार तापत नाही आणि रात्र फार निवत नाही, म्हणून तिथे कळदेवाला रोज बेताचीच चावी बसते. झाडे तोडून माळ उघडा पडला, की दुपार भाजते, पहाट गारठते आणि स्प्रिंग नको तितकी आवळली जाते. येऊरच्या पाड्यांवरचे वारली वाघदेवाचा मान राखतात, कारण रानात राहायचे तर त्याच्याशी सलोखा हवा. माझ्या अरण्यात तो सलोखा मोडला, की कोपाची सुरुवात देवाच्या मनात नव्हे, त्याच्या स्प्रिंगेत होते. ठाण्याच्याच घोडबंदर रस्त्यालगतच्या काँक्रीटच्या वस्तीत, जिथे भिंती रात्रभर उष्णता सोडत राहतात, तिथे तो उपाशी राहून थांबेल. त्यावर वेगळे प्रकरण लिहायचे आहे.

सध्या पहिल्या प्रकरणात एक म्हातारी रोज पहाटे सागाच्या खोडाला कान लावून आतले ठोके मोजते. एका श्वासात चार ठोके, असा तिच्या आजीच्या वेळेपासूनचा हिशेब आहे. आज पाच आले म्हणून ती पुन्हा मोजते आहे.