तीन लाईफ, आणि कोणी कुठे घालवलं

रविवार, रात्र

आज दुपारी भाचीबरोबर जुमानजी परत बघितला. २०१७ चा, ड्वेन जॉन्सनवाला, वेलकम टू द जंगल. हिंदी डबिंगमध्ये, कारण तिला तसाच आवडतो आणि मलाही. आधी बघितला होता तेव्हा नुसती हसत होते, आज मात्र त्यात दुसरंच काहीतरी दिसत गेलं आणि ते लिहून काढल्याशिवाय झोप येणार नाही म्हणून बसलेय.

स्टोरी बहुतेकांना माहितीये तरी लिहिते. एकाच शाळेतली चार पोरं, चौघांना शिक्षा झालेली, शाळेच्या तळघरात जुन्या मासिकांच्या पिना काढत बसलेत, तिथे एक जुना व्हिडिओ गेम सापडतो, प्रत्येकजण एकेक कॅरेक्टर निवडतो आणि गेम त्यांना सरळ आत ओढून घेतो. आत म्हणजे जंगलात, आणि प्रत्येकाचं शरीर बदललेलं. सगळ्याला घाबरणारा किडकिडीत स्पेन्सर झाला ड्वेन जॉन्सन, म्हणजे डॉक्टर ब्रेव्हस्टोन. शाळेच्या फुटबॉल टीममधला धिप्पाड फ्रिज झाला केविन हार्ट, बुटका आणि पाठीवर भलीमोठी सॅक. कोणात न मिसळणारी मार्था झाली मारामारीत एक्स्पर्ट रूबी, म्हणजे कॅरेन गिलन. आणि सतत फोनमध्ये स्वतःचे फोटो काढणारी बेथनी झाली जॅक ब्लॅक, पोट सुटलेला दाढीवाला प्रोफेसर. जॅक ब्लॅकने यात जे काम केलंय ना त्याला तोड नाही, कारण तो कुठेही त्या मुलीची टिंगल करत नाहीये, तो खरोखर सोळा-सतरा वर्षांची घाबरलेली मुलगी होऊन चालतो, बोलतो, फोन शोधतो, आणि म्हणूनच आपण हसता हसता तिच्या बाजूने होतो.

आता मला जे लिहायचंय ते. गेममध्ये प्रत्येकाला तीन लाईफ मिळतात, हातावर तीन रेघा असतात, मेलं की एक रेघ जाते आणि माणूस धाडकन आकाशातून परत खाली पडतो. पहिलंच लाईफ बेथनीचं जातं, पाणघोडा येतो आणि गिळतो, आणि दोन सेकंदात ती वरून आदळते. भाची एवढी हसली की सरबत सांडलं. मीही हसले. पण पुढे पुढे रेघा कमी व्हायला लागतात तसं तेच मरणं, तेच वरून पडणं, पण हसू बदलत जातं, आधी मोकळं मग जरा दबकत आणि शेवटी शेवटी तर भाची उशी घट्ट धरून बसली होती. दिग्दर्शक जेक कास्डनने हे फार विचार करून केलंय असं मला वाटतं. धोका आणि विनोद दोन्ही एकाच रेघेवर ठेवलेत.

आणि आज मी हेच बघत बसले की कोणाचं लाईफ नेमकं कशात गेलं. स्पेन्सर आणि फ्रिज लहानपणापासूनचे मित्र. पण हायस्कूलमध्ये आल्यावर फ्रिज झाला टीमचा हिरो आणि स्पेन्सर राहिला त्याचे निबंध लिहून देणारा. तेवढंच नातं उरलेलं, आणि त्या निबंधामुळेच दोघं पकडले जातात, फ्रिजला टीममधून काढतात. मग जंगलात आल्यावर सगळं उलटं, स्पेन्सर बलदंड आणि फ्रिज त्याची शस्त्रं पाठीवर वाहून नेणारा. त्याचा राग साठत जातो आणि एका कड्यावर भांडण होतं आणि फ्रिज त्याला खाली ढकलून देतो. एक लाईफ गेलं, नुसतं रागात. भाचीने विचारलं, मावशी, मित्र असून कसं काय ढकललं. मी म्हटलं मित्र होता म्हणूनच एवढा राग होता, परक्यावर एवढा राग येत नाही. ती काही बोलली नाही. तिची जिवाभावाची मैत्रीण यावर्षी दुसऱ्या तुकडीत गेलीये आणि आता मधल्या सुट्टीत ती तिच्या नव्या ग्रुपबरोबर बसते, हे मला मागेच कळलं होतं तिच्याकडून.

आणि मग पुढे हेलिकॉप्टरचा सीन. खाली पांढऱ्या गेंड्यांचा कळप मागे लागलाय आणि ज्याच्यासाठी सगळा खटाटोप चाललाय तो हिरवा खडा नेमका खाली पडतो. तेव्हा स्पेन्सर फ्रिजला हेलिकॉप्टरमधून खाली टाकतो, गेंडे त्याच्या मागे जावेत म्हणून. तेच ढकलणं, पण या वेळी सगळ्यांना वाचवायला, आणि फ्रिजकडे परत यायला लाईफ आहे हे माहीत असताना. फ्रिज परत आल्यावर कटकट करतो पण ती कटकट जुन्या मित्राची असते. आज बघताना हे दोन सीन माझ्या मनात एकदम शेजारी शेजारी येऊन बसले. कोणी याबद्दल फारसं बोलत नाही, लोक गेंडेच आठवतात.

गेममध्ये अजून एक गोष्ट आहे जी मला प्रचंड आवडते. छातीवर हात ठेवला की हवेत एक यादी उघडते, तुझी ताकद काय आणि तुझी कमजोरी काय. फ्रिजची कमजोरी केक, बाजारात एक तुकडा खातो आणि त्याचा स्फोट होतो. मार्थाची कमजोरी विष. ब्रेव्हस्टोनच्या यादीत कमजोरी काहीच नाही, आणि आतला स्पेन्सर मात्र खारीलाही घाबरतो. नकाशा फक्त बेथनीला दिसतो, बाकीच्यांना कोरा कागद. म्हणजे कोणाला टाकून पुढे जाताच येत नाही.

हे बघताना मला आमचा ट्रेकिंगचा ग्रुप आठवला, नाशिककडचा हरिहर किल्ला आठवला. त्या उभ्या कातळातल्या पायऱ्या, दोन्ही बाजूला धरायला खोबण्या, चढताना जमतं पण उतरताना कातळाकडे तोंड करून उलटं उतरावं लागतं आणि खाली बघितलं की पोटात गोळा येतो. आमच्यातली एकजण तिथे मधेच थांबली. पाय हलेना. तिला उंचीची भीती आहे हे आमच्यापैकी कोणालाच माहीत नव्हतं, तिने कधी सांगितलं नव्हतं कारण सगळे हसतील असं वाटलं तिला. मग एकजण तिच्या खालच्या पायरीवर उभा राहिला, हाताने तिचा एकेक पाय धरून खोबणीत ठेवत गेला, वरून दुसरी बोलत राहिली, घरचं, ऑफिसचं, काहीही, आणि ती हळूहळू उतरली. तेव्हापासून आमच्यात निघायच्या आधी सगळे सांगतात, कोणाचा गुडघा दुखतो, कोणाला उंची चालत नाही, कोणाला मधमाशीची अॅलर्जी आहे. कोणी हसत नाही. ती यादी उघडी असली की जंगलात मैत्री टिकते असं माझं ठाम मत आहे आणि या सिनेमाने ते इतक्या हसत खेळत दाखवलंय.

अॅलेक्सबद्दल लिहायचं राहिलंच. निक जोनस. हा पोरगा १९९६ मध्ये गेममध्ये ओढला गेलेला, एकटा. त्याला वाटतं आपण इथे काही महिनेच झालो असू आणि प्रत्यक्षात बाहेर वीस वर्षं गेलीत. तो एकटा असल्यामुळे पुढे जाऊच शकला नाही, शेवटचं लाईफ उरलेलं, म्हणून झाडावरच्या घरात लपून बसलेला. ते घर मुळात अॅलन पॅरिशचं, लाकडावर त्याचं नाव कोरलेलं दिसतं. अॅलन पॅरिश म्हणजे १९९५ च्या पहिल्या जुमानजीतला रॉबिन विल्यम्स. रॉबिन विल्यम्स २०१४ मध्ये गेला. त्या कोरलेल्या नावाजवळ कॅमेरा गेला की माझे डोळे भरून येतात, आजही आले, भाचीला कळलं नाही का ते.

तर अॅलेक्सची कमजोरी डास. एक डास चावतो आणि तो मरायला लागतो, शेवटचं लाईफ. तेव्हा बेथनी, हीच फोनवाली बेथनी, तोंडाने श्वास देत राहते आणि तिच्या हातावरची एक रेघ जाते, ते लाईफ त्याला मिळतं. कोणी सांगितलेलं नसतं तिला. पाणघोड्याने घेतलेलं लाईफ आणि हे दिलेलं लाईफ, एकाच मुलीची दोन. आणि शेवटाकडे मार्था तर स्वतःहून विषारी साप चावून घेते, आपली कमजोरी माहीत असल्यामुळेच, म्हणजे आकाशातून परत पडता येईल. सगळा हिशोब असाच वाढत जातो, रागात घालवलेलं, मग कामाला लावलेलं, मग दुसऱ्याला देऊन टाकलेलं, मग स्वतः ठरवून खर्च केलेलं.

आणि त्याच शेवटाकडे स्पेन्सरकडे एकच लाईफ उरतं, तो हातपाय गाळून बसतो, म्हणतो की हातात जास्तीची लाईफ होती तोवर धाडस सोपं होतं, आता एकच आहे. त्यावर फ्रिज त्याला म्हणतो की अरे बाहेर तर आपल्याला कायम एकच असतं. बास, एवढंच. ज्याने कड्यावरून ढकललं होतं तोच हे सांगतो म्हणून ते लागतं. दुसऱ्या कोणी म्हटलं असतं तर भाषण वाटलं असतं.

सगळंच ग्रेट आहे असं नाही. व्हिलन फारच फुसका आहे, तोंडाकानातून किडे निघतात एवढीच त्याची ओळख, त्याला काय हवंय हे मनाला भिडत नाही. आणि रूबीचे कपडे. मार्था स्वतः विचारते की जंगलात मला एवढेसे कपडे का, म्हणजे सिनेमाला कळतंय की जुन्या गेम्समध्ये बायकांना असंच दाखवायचे, पण कळून शेवटपर्यंत तेच कपडे ठेवलेत, हे मला खटकतं. जंगल मात्र बघत राहावं असं, हवाईमध्ये शूट केलंय, कुआलोआची ती हिरवीगार दरी, जुरासिक पार्कमध्ये पण तीच होती. ती दरी बघताना मला पावसाळ्यातल्या आपल्या घाटांची आठवण येते, तसेच उभे सरळ कडे.

दुसरा भाग, २०१९ चा नेक्स्ट लेव्हल, लोकांना पहिल्याएवढा आवडला नाही पण मला तो का जवळचा वाटतो ते आज समजलं. त्यात स्पेन्सरचे आजोबा आणि त्यांचा जुना मित्र मायलो, डॅनी डिव्हिटो आणि डॅनी ग्लोव्हर, दोघांचं मिळून एक रेस्टॉरंट होतं, ते सुटलं आणि बोलणंही तुटलं ते वर्षानुवर्षं. मायलो भेटायला येतो कारण त्याच्याकडे फार दिवस नाहीत, पण तो हे सांगतच नाही, इकडचं तिकडचं बोलत राहतो, आणि दोघं चुकून गेममध्ये ओढले जातात. स्पेन्सर आणि फ्रिजचं शाळेत असतानाच जुळलं, या दोघांना म्हातारपण आलं आणि तरी वाळवंटात शहामृग मागे लागलेत आणि हे जुनं भांडण उकरतायत. शेवटी मायलो पंखवाला घोडा होऊन तिथेच राहतो, बाहेर येत नाही. मला तो निर्णय पूर्ण पटतो, आणि त्याच्या आधी दोघांचं बोलणं झालेलं असतं म्हणूनच पटतो.

भाचीने तो अजून बघितला नाहीये. पुढच्या रविवारी लावू म्हणाली. मी म्हटलं त्याच्या आधी १९९५ चा बघू, अॅलन पॅरिश कोण ते तरी कळू दे तुला. जेवणानंतर ती बराच वेळ गॅलरीत मैत्रिणीशी फोनवर बोलत होती, त्याच तुकडीवाल्या, आणि मध्येच खिदळत आत येऊन मला विचारून गेली की मार्थाची कमजोरी विष होती ना गं.