तारखेची जागा कोरी

काका माझ्याकडे अशील म्हणून पहिल्यांदा आले तेव्हा कॅरीबॅगमध्ये एकच कागद होता: उपदानाच्या (ग्रॅच्युइटीच्या) रकमेतून १,८७,४६० रुपये वसूल केल्याचं पत्र. १९८७ला सरकारी जीपवर वाहनचालक म्हणून लागलेले, ३१ मे २०१९ला निवृत्त. सेवापुस्तक वेतन पडताळणीला गेलं आणि तिथे लाल शाईत शेरा पडला, की १९९९मध्ये कालबद्ध पदोन्नती देताना वेतननिश्चिती चुकली होती. चूक कचेरीची, वीस वर्षं कुणाला दिसली नाही, आणि भुर्दंड ड्रायव्हरला.

मला प्रकरण सोपं वाटलं. १८ डिसेंबर २०१४च्या रफिक मसीह निकालात सर्वोच्च न्यायालयाने अशी वसुली कुठे करता येत नाही ते सांगून ठेवलंय. गट क आणि ड म्हणजे खालच्या श्रेणीचे कर्मचारी, निवृत्त झालेले, पाच वर्षांहून जुनी जादा रक्कम. काका तिन्हींत बसत होते. मॅटच्या, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या औरंगाबाद खंडपीठात मूळ अर्ज टाकला.

मग विभागाचं उत्तर आलं. सोबत एका हमीपत्राची झेरॉक्स: ‘जादा रक्कम अदा झाल्याचे आढळल्यास परत करीन.’ खाली काकांची सही, तारखेची जागा कोरी. शपथपत्रात म्हटलेलं, हे वेतननिश्चितीच्या वेळचं.

इथे पोटात गोळा आला. २०१६च्या जगदेव सिंग निकालात, वेतन घेतानाच हमी लिहून दिली असेल तर निवृत्तीनंतरही वसुली चालते, असं ठरलंय. तो अर्जदार न्यायाधीश होता, ड्रायव्हर नव्हे. पण सरकारी बाजू हा निकाल जिथे तिथे पुढे करते.

काकांना फोन लावला. “असं काही लिहून दिलं होतं?”

“दिलं की. साहेब म्हणले, सही करा, नाहीतर फाइल नागपूरला महालेखापालांकडं जात नाही.”

“कधी?”

“आता तारीख कुठं ध्यानात राहती, वकीलसाहेब.”

अशिलाने आधी न सांगितलेली गोष्ट समोरच्याच्या शपथपत्रातून कळणं, याहून वाईट काही नाही. तरी मूळ सेवापुस्तक मागवून घेतलं. सुनावणीच्या दिवशी ते आलं: कोपरे दुमडलेलं, दोऱ्याने बांधलेलं. हमीपत्र मागच्या पानावर डिंकाने चिकटवलेलं. झेरॉक्समध्ये खालची एक ओळ कापली गेली होती, ती इथे शाबूत होती. सहीखाली निळ्या बॉलपेनने, काकांच्याच वळणदार अक्षरात: ‘सेवानिवृत्त वाहनचालक’.

ओळ मुद्दाम कापली का, हे मी विचारलं नाही. हुकमाचं पान हाती आल्यावर भांडण वाढवू नये. पुस्तक तेवढं वर दिलं.

न्यायाधिकरणाच्या सदस्यांनी चष्मा वर करून ओळ वाचली. सरकारची बाजू मांडणाऱ्या सादरकर्ता अधिकाऱ्यांकडे बघून म्हणाले, “१९९९मध्येच सेवानिवृत्त होते?”

अधिकारी काही बोलले नाहीत. माझा पाऊण तासाचा युक्तिवाद तयार होता, त्यातली दहा मिनिटंही लागली नाहीत. वसुलीचा आदेश रद्द झाला, रक्कम परत करायला तीन महिन्यांची मुदत मिळाली. व्याज मागितलं होतं, ते मात्र मिळालं नाही. त्याची चुटपुट अजून आहे.

पैसे घ्यायला काका कचेरीत गेले आणि तिथूनच त्यांचा फोन आला. आवाज एकदम बारीक.

“वकीलसाहेब, पावतीवर सही मागतेत. तारीख टाकू का?”

“आधी तारीख टाका काका, मग सही.”